गप पाणी

१६ मे २०२१ला तौक्ते वादळ सिंधुदुर्गाच्या किनाऱ्याजवळून वर सरकलं. आमच्या घरावरची कौलं उडाली, परड्यातला फणस आडवा झाला आणि पुढचे कित्येक दिवस वीज नव्हती. त्या दिवसांत मेणबत्ती लावून मी माझ्या कादंबरीची पहिली चाळीस पानं लिहिली. मुलांसाठी, पण मोठ्यांनाही वाचावीशी वाटेल अशी अद्भुत कादंबरी लिहायचं कितीतरी वर्षं मनात होतं. जग ठरलेलं होतं. बारखाडी नावाचा मुलूख, बारा खाड्या, खाडीगणिक एक गाव आणि समोर एक असा समुद्र, ज्याच्यात काहीतरी जादूचं आणि जिवावर बेतणारं आहे. ते ‘काहीतरी’ काय, एवढंच ठरत नव्हतं. वादळाच्या दुसऱ्या आठवड्यात वाटलं, आता ठरलं. मी वादळच लिहिलं. आकाश फाडणारं, माड मुळासकट उपटणारं, सात रंगांच्या विजांचं जादुई वादळ.

पावसाळ्यात भाची राहायला आली. अकरा वर्षांची होती तेव्हा. पडवीत बसून तिला ती चाळीस पानं वाचून दाखवली. शेवटपर्यंत तिने ऐकलं आणि विचारलं, “मावशी, एवढं वादळ येतंय तर ती माणसं घरात का थांबत नाहीत?”

माझ्याकडे उत्तर नव्हतं. कथेतला मुलगा वादळात बाहेर पडत होता, कारण तो बाहेर पडल्याशिवाय कथा पुढे जात नव्हती. पोरीने नेमकं तिथेच बोट ठेवलं होतं. मोठ्या आवाजाने येणाऱ्या संकटापासून माणूस लांब पळतो. ज्याच्याकडे माणूस आपल्या पायांनी चालत जातो, ते संकट मला हवं होतं. चाळीस पानं बाजूला ठेवली. ती आजही कपाटात आहेत, त्यातली एक ओळसुद्धा पुढे वापरली नाही.

आणि मग, खरं तर त्याच रात्री, आजीचा आवाज आठवला.

माझं आजोळ देवगड तालुक्यात, समुद्राच्या अगदी अंगावर. मे महिन्यात आम्ही सात-आठ पोरं तिथे जमायचो. सकाळी आंबे, दुपारी झोप आणि ऊन उतरलं की पुळणीवर, म्हणजे किनाऱ्याच्या वाळूत. आजी स्वतः पाण्यात कधी उतरायची नाही, वर सुरूच्या झाडाखाली बसून राहायची. तिचा एकच दंडक होता. लाटा फुटतात तिथे हवं तेवढं खेळा, पण दोन फुटणाऱ्या लाटांच्या मधे जो सपाट पट्टा दिसतो तिकडे जायचं नाही. ती म्हणायची, “थंय जाव नको रे. थंय पाणी गप आसा.”

गप पाणी. आम्हाला ते कळायचंच नाही. जिथे लाट अंगावर आदळते, नाकातोंडात पाणी जातं, तिथे आजी खेळू देते. आणि जिथे पाणी तळ्यासारखं निवांत, तिथे जाऊ देत नाही. मी नऊ वर्षांची असताना माझा मामेभाऊ त्या पट्ट्यात गेला. तो मोठा, चौदाचा, पोहणारा. लाटांना कंटाळला होता, म्हणून शांत जागा बघून गेला. मी बघत होते. तो पोहत नव्हता, नुसता उभा होता, पाणी कमरेला. मग छातीला. मला वाटलं, हाच पुढे चाललाय. मग त्याचं तोंड आमच्याकडे वळलं आणि दिसलं की तो आमच्याकडे हात मारतोय आणि तरी लांब लांब जातोय. त्याने हाक मारली असणार. ती आमच्यापर्यंत पोचली नाही.

पलीकडे रापण ओढायची चालली होती. ज्यांनी रापण पाहिलेली नाही त्यांच्यासाठी सांगते. होडी अर्धगोल फिरून पाण्यात जाळं टाकते, जाळ्याची दोन्ही टोकं लांब दोरांनी किनाऱ्यावर असतात आणि पुळणीवर दोन रांगा करून माणसं ते दोर ओढतात. अख्खी वाडी लागते. होडी अजून पाण्यात होती. होडीवाल्यांनी याला पाहिलं, वल्ही मारत आडवे आले आणि दोर टाकला. त्याला पुळणीवर आणून पालथा घातला तेव्हा आजी तिथे पोचलेली होती. ती त्याला ओरडली नाही. लुगड्याच्या पदराने त्याचं डोकं पुसत राहिली. त्याच्या दोन्ही तळहातांची साल दोराच्या काथ्याने निघाली होती, ते तळवे मला अजून डोळ्यांसमोर दिसतात. लाल, ओले, आणि त्यात रुतलेले काथ्याचे तूस.

आजी ज्याला गप पाणी म्हणायची, त्याची उकल मला पुष्कळ नंतर वाचायला मिळाली. लाटा सतत पाणी किनाऱ्याकडे लोटत असतात. ते पाणी परत जायला वाट शोधतं आणि वाळूच्या दांड्यांमधे जिथे खोलगट जागा असते तिथून एकवटून समुद्राकडे धावतं. खोल पाण्यात लाट फुटत नाही, म्हणून वरून ती जागा शांत दिसते. जोर असा की तरबेज पोहणाऱ्यालाही त्याच्या विरुद्ध पोहता येत नाही. सुटायचं तर किनाऱ्याकडे झगडायचं नाही, किनाऱ्याला समांतर आडवं पोहायचं, त्या पट्ट्याच्या बाहेर पडायचं आणि मग लाटांबरोबर आत यायचं. दरवर्षी सुट्टीत आमच्या किनाऱ्यांवर माणसं जिवानिशी जातात ती बहुतेक याच गोष्टीने. घाटावरून आलेला माणूस, लेकराला घेऊन आलेला, तो फुटणाऱ्या लाटांना घाबरतो आणि शांत जागा शोधतो. त्याला सांगणारी आजी तिथे नसते. हे मला इथे मुद्दाम लिहावंसं वाटतं, कादंबरीशी त्याचा संबंध असो वा नसो.

म्हणजे कादंबरीतलं संकट गप असणार, हे पक्कं झालं. आता जादू.

गप पाणी ओढून नेतं, ते शरीराला. माझ्या पाण्याने त्याआधी मनाला ओढायला हवं होतं. आपल्याकडे चकवा आहेच. चकवा लागलेला माणूस रात्रभर एकाच माळावर फिरत राहतो आणि उजाडल्यावर बघतो तर घर हाकेच्या अंतरावर. मी हे दोन्ही एकत्र ठेवून बघितलं. पाण्यातला चकवा. त्यात शिरलेल्या माणसाला दिशा उलटी दिसते. समुद्राच्या बाजूला त्याला किनारा दिसतो, किनाऱ्यावर त्याचं गाव, गावात त्याचं घर आणि घराच्या ओट्यावर लावलेला दिवा. तो घराकडे निघतो. पाणी गुडघ्यापर्यंत येतं, कमरेपर्यंत येतं, तरी त्याला वाटतं आपण बाहेर पडतोय.

हे सुचलं तेव्हा अंगावर काटा आला. रात्रीचे साडेअकरा झाले होते. उठून मी आधी घरातले सगळे दिवे लावले आणि मग लिहायला बसले.

पण जादूला नियम लागतात. नियम नसलेली जादू भीती दाखवत नाही, कारण ती केव्हाही काहीही करू शकते आणि मग माणसाने काय करावं याला अर्थच उरत नाही. ज्यांच्या अंगणात ते संकट पिढ्यानपिढ्या येतंय, त्यांना त्याच्या खाणाखुणा ठाऊक असणार. येणार केव्हा, ओळखायचं कसं, त्याला काय म्हणायचं, काय करायचं नाही. हे सगळं ठरवण्यात माझी पुढची दोन वर्षं गेली. नोकरी करून, रात्री तासभर, सुट्टीच्या दिवशी जरा जास्त.

ओळखायचं कसं, ते एका थंडीत सापडलं. मार्गशीर्ष होता. मालवणच्या किनाऱ्यावर पाणी चमकतंय अशी बातमी आली आणि जेवण टाकून मी पुळणीवर गेले. लाट फुटली की तिच्या कडेला निळी रेघ पेटायची आणि विझायची. ओल्या वाळूत पाय टाकला की टाचेभोवती ठिणग्या. मी खाली बसून ओंजळीत पाणी घेतलं. ओंजळ काळी. बोट हलवलं, तर बोटाभोवती निळा उजेड. हा उजेड नॉक्टिल्युका नावाच्या एकपेशीय जीवांचा. एकेक जीव जेमतेम मिलीमीटरभर. पेशीतलं ल्युसिफेरिन हे द्रव्य ल्युसिफरेज या विकराच्या मदतीने ऑक्सिजनशी संयोग पावतं आणि उजेड पडतो, तोही धक्का लागला तरच. दिसायला इतकं सुंदर असलं तरी असं पाणी दाटलं की मासळी तिथे थांबत नाही, या जीवांच्या अंगात अमोनिया साठलेला असतो.

परत येताना सगळा रस्ता एकच विचार डोक्यात होता. खरं पाणी ढवळलं की उजळतं. माझं पाणी ढवळलं की विझलं पाहिजे. बारखाडीच्या पोरांना चालता यायला लागलं की पहिली हीच गोष्ट शिकवतात. पाण्यात उतरण्याआधी हाताने एक थाप मारायची. उजळलं तर जा. काळं झालं तर मागे फिर.

नावाचा घोळ बरेच दिवस चालला. वहीत पंधरा-वीस नावं लिहिली होती. मायाजल, भ्रमसागर असली. प्रत्येक नाव पोथीतलं वाटायचं, किनाऱ्यावरच्या माणसाच्या तोंडात बसायचं नाही. मग लक्षात आलं की आपल्याकडे ज्याची भीती असते त्याचं नाव घ्यायचीच रीत नाही. दिवे लागले की सापाला साप म्हणत नाहीत, जनावर म्हणतात, लांबडं म्हणतात. मग बारखाडीतले लोकही नाव घेणार नाहीत. मानाने बोलतील, घरातल्या वडीलधाऱ्या बाईसारखं. ‘थोरली.’ आज थोरली यायची आहे. थोरलीने नेलं. नाव मिळालं आणि एकदम गावातल्या बायांचे संवाद कानात यायला लागले. त्या आठवड्यात मी जितकं लिहिलं तितकं त्याआधीच्या सहा महिन्यांत लिहिलं नव्हतं.

थोरलीच्या रात्री गाव काय करतं, हे मला आचऱ्याने दिलं. माझी मावशी आचऱ्याची. तिथली गावपळण ज्यांनी अनुभवली आहे त्यांना वेगळं सांगायला नको. दर काही वर्षांनी रामेश्वराचा कौल होतो आणि अख्खं गाव तीन दिवस तीन रात्री वेशीबाहेर जातं. माणसं, गुरंढोरं, कोंबड्या, कुत्री, सगळी. वेशीपलीकडे राहुट्या उभ्या राहतात, चुली पेटतात, पोरांची चंगळ असते. मी एकदा मावशीबरोबर गेले होते. दुसऱ्या रात्री जेवणं झाल्यावर मी वेशीच्या दिशेने थोडी चालत गेले. अलीकडे कंदील, गाणी, पोरांचा कालवा. पलीकडे गाव. एक दिवा नाही, एक कुत्रं भुंकत नाही. रोज ज्या दिशेला दिवे बघायची सवय, तिथे नुसता झाडांचा काळा आकार.

त्या अंधारात थोरलीचा दुसरा नियम होता. तिच्या रात्री गावात एकही दिवा लावायचा नाही. चूल विझवायची, निखारेसुद्धा राखेने झाकायचे. मग बाहेर राहिलेल्या माणसाला जो दिवा दिसेल तो खोटा, हे त्याला पक्कं ठाऊक असेल. दिव्याकडे पाठ करायची आणि चालायला लागायचं.

इथपर्यंत येऊन मी मधल्या मोठ्या प्रसंगाचा खर्डा पूर्ण केला. श्रावणातली अष्टमी. मध्यरात्री समुद्राला महाप्रचंड उधाण. मुलगा खडकावरच्या कालवांसाठी गेलेला, परतताना थोरलीत सापडतो. कितीतरी वेळा वाचला, आवडला. आणि तो घेऊन शेजारच्या आबांकडे गेले.

आबांनी जन्मभर रापण केली. आता गुडघे साथ देत नाहीत, दिवसभर खळ्यात, म्हणजे घरापुढच्या अंगणात, जाळी विणत बसतात. त्यांनी आधी नीट ऐकून घेतलं. हातातली सुई थांबली नाही. मी वाचून संपवल्यावर म्हणाले, “अष्टमीक मध्यानरातीक भरती खंयसून इली गो?”

मी म्हटलं, “आबांनू, ह्यो जादूचो दर्या आसा.”

“दर्या येगळो असात. पण वर चंद्र तोच ना?”

मग त्यांनी हिशेब सांगितला. किनाऱ्यावर बहुतेकांना तो तोंडपाठ असतो, मीही कधीतरी ऐकला होता आणि विसरले होते. तिथीची पाऊणपट करायची, ती भरतीची वेळ. अष्टमी, म्हणजे आठाची पाऊणपट सहा. सहाला भरती भरली तर बाराला सुकती, म्हणजे ओहोटी. पौर्णिमेला पंधराची पाऊणपट सव्वाअकरा, म्हणजे दुपारी आणि रात्री बाराच्या जरा आधी. गावागणिक थोडं पुढेमागे होतं, पण हिशेब उभा राहतो. भरती रोज साधारण पन्नास मिनिटं उशिरा येते आणि पाऊण तास म्हणजे पंचेचाळीस मिनिटं, दोन्ही किती जवळ आहेत बघा. घड्याळ नसलेल्या माणसांनी नुसत्या चंद्राकडे बघून हे बसवलं.

“आणि अष्टमीक उधाण?” आबा पुढे म्हणाले. “अष्टमीक भांग असता.”

तेही बरोबर होतं. अमावास्या-पौर्णिमेला चंद्र-सूर्याची ओढ एका रेषेत येते, तेव्हा उधाण. अष्टमीला दोघांची ओढ काटकोनात, एकमेकांना उणी करणारी, तेव्हा भांगाची भरती. पाणी आळसावलेलं, ना फार वर येतं ना फार खाली जातं. मी शाळेत हे शिकले होते, परीक्षेत आकृती काढली होती, आणि माझ्याच कादंबरीत उलटं लिहून बसले होते.

मला फार लागलं ते. त्या रात्री मी जेवले नाही. अख्खा प्रसंग उधाणावर उभा होता, तोच कोसळला असं वाटलं. पहाटे जाग आली आणि आजीचा शब्द पुन्हा कानात वाजला. गप. उधाणाला तर सगळेच घाबरतात, उधाणाच्या रात्री होड्या वर ओढलेल्या असतात. थोरली भांगालाच यायला हवी. समुद्र जेव्हा सगळ्यांत सुस्त असतो, माणूस जेव्हा निर्धास्त असतो, तेव्हा. आणि शुद्ध अष्टमीचा चंद्र मध्यरात्रीच्या सुमाराला पश्चिमेला, समुद्रात मावळतो. तो दिसतोय तोवर मुलाला समुद्र कुठल्या बाजूला हे कळतंय. तो बुडाला की कळायचं बंद. चंद्र मावळतो आणि थोरली उघडते. हे मला माझ्या बुद्धीने कधीच सुचलं नसतं, आबांच्या पाऊणपटीने ते हातात आणून दिलं.

आठ दिवसांनी पुन्हा गेले. या वेळी आबांनी मान हलवली, पण एक खोट काढलीच. दोन्ही बाजूंना पाणी, चंद्र नाही, लाटेचा आवाज नाही, अशा वेळी मुलाने दिशा कशी ओळखायची, तर वाऱ्यावरून, असं मी लिहिलं होतं. रात्री जमीन लवकर गार होते, समुद्र उबदार राहतो, म्हणून वारा जमिनीकडून समुद्राकडे वाहतो. तो मतलई. वारा पाठीला लागत असेल तर तू समुद्रात चाललायस, तोंडावर येत असेल तर घराकडे. मला हा नियम फार आवडला होता, कारण तो डोळ्यांवर अवलंबून नव्हता. थोरली डोळ्यांना फसवते, कानांना बहिरं करते, पण कातडीला फसवू शकत नाही.

“बरोबर आसा,” आबा म्हणाले. “पण श्रावणात मतलई खंयचो?”

पावसाळ्यात वारा नैऋत्येचा, दिवसरात्र समुद्राकडूनच. १ जून ते ३१ जुलै यांत्रिक होड्यांची मासेमारी बंद असते ती काय उगाच. नारळी पौर्णिमेला नारळ सोडला तरी दर्या लगेच मऊ होत नाही. मतलई खरा जाणवतो तो आभाळ निरभ्र असतं त्या थंडीच्या रात्रींना. म्हणजे माझ्या मुलाने श्रावणात वाऱ्यावर भरवसा ठेवला असता तर तो सरळ खोल पाण्यात गेला असता. प्रसंग मार्गशीर्षात नेला. आणि श्रावणाचंही वाया घालवलं नाही, मुलाच्या वडिलांना थोरलीने श्रावणात नेलं असं केलं. वारा तोंडावर येत होता, म्हणून ते विश्वासाने चालत राहिले. गावाने पुढे पोरांना शिकवताना त्या नियमाला महिने जोडले.

मुलाच्या हातात मी सुरुवातीला होकायंत्र दिलं होतं. राजापूर तालुक्यात देवाचे गोठणे इथल्या सड्यावर कातळशिल्प बघायला गेले, तिथे होकायंत्राची सुई भलतीकडे वळते हे स्वतः पाहिलं. जांभ्या दगडावर कोरलेली ती आडवी मनुष्याकृती, भोवती ओसाड कातळ आणि तळहातावर फिरणारी सुई. घरी येऊन मुलाच्या हातातलं यंत्र काढून घेतलं.

आता राहिली होती आई.

ही या कादंबरीची सगळ्यांत अवघड जागा. मुलगा परत आलेला नाही. थोरलीची रात्र आहे. गाव अंधारात. नवरा आधीच गेलेला. ती ओट्यावर बसली आहे आणि तिला दिवा लावायचा आहे. लावू नये हे तिला इतर कुणाहीपेक्षा जास्त ठाऊक आहे. ती लावते. आता मुलाला दोन दिवे दिसतात, एक समुद्राच्या बाजूला, एक गावाच्या बाजूला. दिवा दिसला की पाठ करायची, एवढंच तो शिकलाय. कुठल्या दिव्याकडे पाठ करू? मी लिहिलं होतं की तो घरच्या दिव्याकडे पाठ करतो आणि दहा पावलं समुद्राकडे चालतो, मग वारा पाठीला लागतो आणि तो थांबतो. शेवटी तो वाचतो. पण गाव आईला वाळीत टाकतं. ते पान मी मोठ्या तयारीने लिहिलं होतं, भर चावडीत तिला उभी केली होती.

हे प्रकरण वाचायला बसले त्या संध्याकाळी खळ्यात आबा होते, भाची होती आणि आबांच्या घरच्या काकी पाट घेऊन कोकमं फोडत बसल्या होत्या. काकी माझ्या वाचनाला कधी बसत नाहीत, त्यांना वेळ नसतो. त्या दिवशी कोकमं होती म्हणून बसल्या. बोटं लालजर्द, सालं एकीकडे, गर एकीकडे. चावडीचं पान आलं तेव्हा त्यांचे हात थांबले.

“गाव काय म्हणतलो तो म्हणांदे,” त्या म्हणाल्या. “माझो झील भायर आसतो तर मी दिवो लावतलंयच.”

आबा काही बोलले नाहीत. फयान वादळ ११ नोव्हेंबर २००९ला किनाऱ्याला लागलं, तेव्हा होड्या बाहेर होत्या. किनारपट्टीच्या कितीतरी घरांनी त्या रात्री वाट बघितली, काहींची माणसं परत आलीच नाहीत. त्या रात्रीबद्दल काकींना मी कधी विचारलेलं नाही आणि तेव्हाही विचारलं नाही. थोड्या वेळाने त्यांनीच विचारलं, “तिणा दिवो लावलो, तेवा शेजारीण खंय होती?”

मी वही चाळली. शेजारीण माझ्या प्रकरणात कुठेच नव्हती. तीनशे घरांच्या गावात, अशा रात्री, ज्या बाईचा एकुलता एक मुलगा बाहेर आहे तिला मी ओट्यावर एकटी बसवली होती. आमच्या वाडीत असं होत नाही. होडी यायला उशीर झाला की बाया न बोलावता त्या घरी जाऊन बसतात. कुणी तांदूळ निवडतं, कुणी नुसतंच बसतं. हे मी लहानपणापासून बघत आले आणि लिहायच्या वेळी विसरले.

तेवढ्यात भाची म्हणाली, “मावशी, खोटा दिवा वाऱ्याने हलेल का?”

थोरली म्हणजे गप पाणी. तिथे काहीच हलत नाही. तिच्यातला दिवा कसा हलेल?

चावडीचं पान फाडून टाकलं. ते प्रकरण पुन्हा लिहायला मला सात रात्री लागल्या. आता ओट्यावर पाच-सहा बाया आहेत, अंधारात, एकमेकींना खेटून. आई काडी ओढते तेव्हा कुणी तिचा हात धरत नाही. डोंगरावरून मतलई घराला वळसा घालून ओट्यावर येतो आणि ज्योत आडवी होते. शेजारीण उठते, वाऱ्याच्या बाजूला उभी राहते आणि पदर दोन्ही हातांनी पसरून धरते. लांब पाण्यात मुलाला एक दिवा दिसतो तो अगदी स्थिर, आणि त्याच्या तोंडावर जिकडून गार वारा येतोय तिकडे दुसरा, सारखा हलणारा.